पडद्यावरचे अंगण : स्लोव्हाक लोकनृत्य, लोकसंगीत आणि दूरचित्रवाणीपट

लोकनृत्य हे पाहण्यासाठी जन्मलेले नसते, ते नाचण्यासाठी जन्मलेले असते. विधान वरवर साधे दिसते. परंतु लोकनृत्यावर चित्रपट काढू पाहणाऱ्या प्रत्येक दिग्दर्शकाची खरी अडचण ह्या एका वाक्यात सामावलेली आहे. रंगमंचावरील नृत्याला समोर प्रेक्षक असतो, म्हणून त्याला दर्शनी बाजू असते. अंगणातल्या नृत्याला दर्शनी बाजूच नसते. रिंगण धरून नाचणाऱ्या बायकांची तोंडे एकमेकींकडे असतात आणि पाठी जगाकडे. कॅमेरा हा त्या जगाचा प्रतिनिधी. तो रिंगणाबाहेर उभा राहिला तर त्याला पाठी दिसतात. आत शिरला तर रिंगण मोडते. आणि नाचणाऱ्यांना आपल्याकडे तोंड करून उभे केले, तर चित्र सुरेख येते, परंतु ज्याचे चित्र घ्यावयाचे तेच हातचे निसटते.

ह्या अडचणीचा विचार करावयास स्लोव्हाकियाइतके उद्‌बोधक उदाहरण क्वचितच सापडेल. मध्य युरोपातील सुमारे पंचावन्न लक्ष वस्तीचा हा डोंगराळ देश. शतकानुशतके तो हंगेरीच्या राज्याचा भाग होता. १९१८ मध्ये चेकांच्या जोडीने चेकोस्लोव्हाकियात आला. आणि १९९३ च्या १ जानेवारीस स्वतंत्र राष्ट्र झाला. ज्यांच्यापाशी स्वतःचे राजघराणे नाही, ज्यांच्या भाषेला दरबार लाभला नाही, अशा लोकांना आपली ओळख सांगताना खेड्याकडे, तिथल्या गाण्याकडे आणि नाचाकडे बोट दाखवावे लागते. म्हणूनच तेथील लोकनृत्याचा चित्रपट हा निव्वळ करमणुकीचा प्रकार राहिला नाही. तो राष्ट्राचा आरसा समजला गेला, आणि आरशात पाहणारा मनुष्य आपला चेहरा थोडाफार नीटनेटका करूनच पाहतो, हे आपण सारेच जाणतो.

ह्या परंपरेचा आद्य पुरुष कारोल प्लित्स्का. १८९४ मध्ये व्हिएन्ना येथे जन्मलेला हा शिक्षक १९२० नंतरच्या दशकात मार्टिन येथील ‘मातित्सा स्लोवेन्स्का’ ह्या सांस्कृतिक संस्थेच्या सेवेत रुजू झाला आणि गावोगाव हिंडून लोकगीते गोळा करू लागला. त्याच्या आधी हंगेरियन संगीतकार बेला बार्टोक ह्याने फोनोग्राफ घेऊन ह्याच खेड्यांतून स्लोव्हाक गाणी टिपली होती. प्लित्स्काने गाण्याबरोबर गाणाऱ्याचा चेहराही टिपला. प्रथम छायाचित्रांत, नंतर चलच्चित्रांत. त्याची कीर्ती ज्या कृतीवर उभी आहे ती १९३३ मधील ‘झेम स्पियेवा’, म्हणजे ‘भूमी गाते आहे’. व्हेनिसच्या १९३४ च्या महोत्सवात चेकोस्लोव्हाक चित्रपटांच्या ज्या समूहाचा गौरव झाला, त्यांत हिचाही समावेश होता.

ह्या चित्रपटाला कथानक नाही. वसंतापासून शरदापर्यंतचे गावकऱ्यांचे जीवन ऋतुक्रमाने उलगडते : ईस्टरचे विधी, मुलांचे खेळ, डोंगरमाथ्यावरची कुरणे, शेतीची कामे, आणि ह्या साऱ्यांतून पुनःपुन्हा उसळून येणारे नृत्य. प्लित्स्काचा कॅमेरा जमिनीलगत बसतो आणि माणसांना आकाशाच्या पार्श्वभूमीवर उभे करतो. त्यामुळे साधा गुराखीही पुराणपुरुषासारखा दिसू लागतो. उडी घेणाऱ्या तरुणाच्या पायांखाली क्षणभर जमीन नसते, फक्त ढग असतात. ‘ओद्झेमोक’ ह्या मेंढपाळांच्या नृत्याच्या नावातच ‘भूमीपासून वर’ हा अर्थ आहे. खाली बसण्याइतके वाकावयाचे, हातातली छोटी कुऱ्हाड फिरवावयाची आणि तेथूनच उसळी मारावयाची, असा तो नाच. त्याचा आत्मा ह्या खालून घेतलेल्या दृश्यांत जसा उतरला आहे, तसा नंतरच्या कितीतरी सफाईदार चित्रणांत उतरलेला नाही.

परंतु ह्या चित्रपटाविषयी एक गोष्ट नेहमी विसरली जाते. त्याचे चित्रण मूक आहे. कॅमेरा चालू असताना गावकऱ्यांनी जे गायिले, जे वाजविले, त्यांतले काहीही चित्राबरोबर मुद्रित झाले नाही. आलेक्सांदर हाकेनश्मीड ह्या प्रयोगशील तरुणाने चित्रांचे संकलन केले आणि फ्रांतिशेक श्क्वोर ह्या संगीतकाराने लोकधुनांच्या आधारे वाद्यवृंदासाठी संगीत रचले. म्हणजे ‘भूमी गाते आहे’ असे म्हणणाऱ्या ह्या चित्रपटात भूमी प्रत्यक्षात गातच नाही. तिच्या वतीने शहरातला वाद्यवृंद गातो.

हा दोष मानावयाचा काय? प्रस्तुत लेखकाचे मत असे, की हा दोष आहे, परंतु तो उघड दोष आहे. पडद्यावर वाद्यवृंद कोठेही दिसत नाही आणि खेड्यातल्या माळावर एवढी वाद्ये कोठून आली, ह्याविषयी कोणाची फसवणूकही होत नाही. चित्र एक सांगते, संगीत दुसरे सांगते, आणि दोहोंच्या मधल्या अंतरात प्रेक्षकाला कळते की आपण गाव पाहत नसून गावावरचे काव्य पाहतो आहोत. हाकेनश्मीडने पावलांच्या लयीवर दृश्ये कापली. नाच जिथे वेग घेतो तिथे संकलनही वेग घेते. हाच हाकेनश्मीड पुढे अमेरिकेत गेला, हॅमिड ह्या नावाने काम करू लागला, आणि १९४३ मध्ये माया देरेनच्या जोडीने त्याने ‘मेशेस ऑफ दि आफ्टरनून’ हा प्रायोगिक चित्रपट केला. कॅमेऱ्यासाठीच रचलेल्या नृत्याचा विचार देरेनने नंतर पुढे नेला. त्या विचाराचे एक मूळ स्लोव्हाक डोंगरांतील ह्या पावलांत आहे, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

प्लित्स्काच्या काव्याला दुसरीही एक मर्यादा होती. १९३१ मध्ये दक्षिण स्लोव्हाकियातील कोशूती गावी संपावर गेलेल्या शेतमजुरांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. त्याच वर्षांत घडत असलेल्या ह्या चित्रपटात भूक नाही, संप नाही, परदेशी मजुरीला निघालेला मनुष्य नाही. जे सुंदर होते ते त्याने वाचविले, आणि जे दुःखद होते त्याकडे पाठ केली. पुढील पिढीने त्याच्याकडून सौंदर्य घेतले. ही पाठ करण्याची सवयही तिने घेतली.

१९४८ मध्ये चेकोस्लोव्हाकियात साम्यवादी राजवट आली, आणि लोककला हा सरकारी कार्यक्रमाचा विषय झाला. त्याच वर्षी ‘लूचनित्सा’ हा विद्यार्थ्यांचा हौशी नृत्यसंघ निघाला. १९४९ मध्ये ‘स्ल्युक’ हे व्यावसायिक पथक राज्याच्या खर्चाने उभे राहिले. मॉस्कोतील इगोर मोइसेयेवच्या पथकाचा आदर्श साऱ्या पूर्व युरोपापुढे होता. श्तेफान नोसाल ह्याने लूचनित्सासाठी दीर्घकाळ, आणि युराय कुबान्का ह्याने स्ल्युकसाठी, ज्या नृत्यरचना केल्या त्यांची शिस्त, वेग आणि रंगसंगती पाहून जगभरचे प्रेक्षक थक्क झाले. ही कीर्ती खोटी नव्हती. ह्या नर्तकांचे श्रम आणि कौशल्य अस्सल होते. योसेफ माख ह्याने १९५३ मध्ये स्ल्युकला घेऊन ‘रोद्ना झेम’ हा बोलपट काढला, आणि सांघिक नृत्य पडद्यावर कसे दिसावे ह्याचा जणू सरकारी नमुनाच ठरून गेला.

ब्रातिस्लाव्हा येथून दूरचित्रवाणीचे प्रक्षेपण १९५६ च्या नोव्हेंबरात सुरू झाले, तेव्हा हा नमुना तयारच होता. नव्या माध्यमाला कार्यक्रम हवे होते. लोकनृत्यात रंग होता, गती होती, आणि राजकीय दृष्ट्या ते निर्धोकही होते. ह्यातूनच संगीत-नृत्यप्रधान दूरचित्रवाणीपट हा प्रकार बहरला. मार्टिन त्यापाक हा त्याचा सर्वांत लोकप्रिय दिग्दर्शक. तो स्वतः स्ल्युकमध्ये नाचलेला, नृत्यरचना केलेला. त्यामुळे नर्तकाच्या शरीराचे ज्ञान त्याला होते. १९६७ मधील ‘रोक ना द्येद्यिने’, म्हणजे ‘गावातील एक वर्ष’, ह्या त्याच्या दूरचित्रवाणीपटाच्या नावातच प्लित्स्काच्या ऋतुचक्राचा वारसा दिसतो. स्वेतोझार स्त्राचिना हा संगीतकार त्याचा दीर्घकाळचा सहकारी. त्याने खेड्यांतील वादकांचे वादन मनःपूर्वक ऐकले होते, आणि त्यांचा खरखरीत स्वर आपल्या रचनांत राखण्याची त्याची धडपड असे. १९७५ चा ‘पाखो’ हा विनोदी चित्रपट किंवा १९७६ चा ‘स्वाको रागान’ हा दूरचित्रवाणीपट पाहताना ही गोष्ट ध्यानात येते. त्यांत लोकसंगीत हे चित्रावर चढविलेले लेणे वाटत नाही. ते पात्रांच्या बोलण्याचालण्यातून उमटल्यासारखे वाटते.

असे असूनही ह्या प्रकारातील बहुसंख्य कृती पाहून मन भरत नाही. ह्याचे कारण वेषभूषेत नाही, नर्तकांतही नाही. ते ध्वनिमुद्रणाच्या पद्धतीत आहे.

स्लोव्हाक गावात नाच कसा सुरू होतो ते पाहण्यासारखे आहे. नाचू इच्छिणारा तरुण वादकांसमोर जाऊन उभा राहतो आणि आपल्याला हवे ते गाणे स्वतःच म्हणू लागतो. मुख्य व्हायोलिनवादक, ज्याला तेथे ‘प्रिमाश’ म्हणतात, कान देऊन ती चाल उचलतो. साथीचे व्हायोलिन आणि बास त्यात मिसळतात. आणि मग तो तरुण वळून नाचावयास लागतो. लय किती ठेवावयाची हे त्याच्या गळ्याने ठरविलेले असते, आणि पुढे त्याचे पाय आणि प्रिमाशचा गज एकमेकांना ओढत, चिडवीत, सांभाळीत नेतात. नाचणारा हा येथे वादकाचा यजमान असतो. आपल्याकडे तबल्याची आणि पावलांची सवाल-जवाबाची गंमत ज्यांनी अनुभवली आहे, त्यांना ह्या नात्याची कल्पना सहज येईल.

दूरचित्रवाणीपटात हे नाते प्रथम तुटते. आपल्या बोलपटांतील पार्श्वगायनामुळे वाचकांस ही पद्धत परिचितच आहे : संगीत आधी स्टुडिओत मुद्रित करावयाचे, मग चित्रणस्थळी ते ध्वनिक्षेपकावरून वाजवावयाचे आणि नर्तकांनी त्याबरहुकूम नाचावयाचे. ह्यात सोय मोठी आहे. एकच नाच चार वेळा, चार बाजूंनी टिपता येतो आणि चारी तुकडे बेमालूम जुळतात. परंतु आता यजमानाचा चाकर झाला. वादक व्हायोलिनवर गज फिरविताना दिसतो खरा. तो ऐकत मात्र नसतो. नर्तकाचा श्वास, टाचांचा आघात, उत्साहाच्या भरात मधेच टाकलेली शीळ, ह्या सर्वांना आता ध्वनिपट्टीत जागा उरत नाही. हवी असेल तर ती मागाहून जोडावी लागते. प्लित्स्काच्या चित्रपटात ध्वनी आणि चित्र परके होते आणि परके दिसत होते. येथे ते परके असून सख्खे असल्याचे सोंग आणतात. माझ्या मते प्लित्स्काच्या मूकपणापेक्षा हे अधिक मोठे असत्य आहे.

दुसरी अडचण चौकटीची. दूरचित्रवाणीचा जुना पडदा लहान; त्यात पूर्ण समूह घेतला तर माणसे मुंग्यांएवढी होत. म्हणून कॅमेरा जवळ जाई, आणि जवळ गेला की त्याला भरतकाम, वेण्या, हसरे चेहरे ह्यांचा मोह पडे; पाय तेवढे चौकटीबाहेर राहत. अमेरिकन नर्तक फ्रेड अस्टेअर आपल्या बोलपटांत संपूर्ण शरीर दिसलेच पाहिजे असा आग्रह धरी, तो उगाच नव्हे. ओद्झेमोकमध्ये बैठकीपासून उडीपर्यंतचा सारा प्रवास एका दृष्टिक्षेपात दिसला नाही तर उरते ती कसरत. पूर्व स्लोव्हाकियातील ‘कारिच्का’ हे मुलींचे रिंगणनृत्य. त्याची मौज एकमेकींच्या हातांतून सरकत जाणाऱ्या वजनात आहे, एकट्या चेहऱ्यात नाही. आणि ‘फुयारा’ ह्या मेंढपाळांच्या प्रचंड बासरीची तर वेगळीच तऱ्हा. हे वाद्य माणसाच्या उंचीएवढे, कधी त्याहून मोठे. भोके मात्र तीनच. वादक ते उभे धरतो, पडदा मात्र आडवा. वादक प्रथम एका जोरदार फुंकीने वरच्या स्वरांचा एक धबधबा सोडतो आणि मग सावकाश गाण्याकडे वळतो. उतावळा संकलक ही फुंक कापून थेट सुरावटीवर येतो. ज्याला फुयारा ऐकावयाची आहे त्याच्या दृष्टीने हे मंगलाचरणावाचून नाटक सुरू करण्यासारखे आहे.

मग ह्यांतून वाट नाहीच काय? आहे, आणि तीही स्लोव्हाक चित्रपटानेच दाखविली. मार्टिन स्लिव्का हा अनुबोधपटांचा दिग्दर्शक आणि लोकसंस्कृतीचा साक्षेपी अभ्यासक. प्लित्स्काविषयी त्याला नितांत आदर होता. १९८२ मध्ये त्याने त्याच्यावर ग्रंथही लिहिला. परंतु त्याने गुरूची नक्कल केली नाही. १९६३ मधील ‘वोदा आ प्रात्सा’, म्हणजे ‘पाणी आणि श्रम’, ह्या त्याच्या चित्रपटात नाच नाही, रंगीबेरंगी पोशाख नाहीत, आणि निवेदकाचा स्वरही नाही. पाण्यावर चालणारी जुनी यंत्रे आहेत आणि त्यांची लय आहे. लोकनृत्याची लय प्रथम कोठे जन्मते हे त्यात दिसते : ती श्रमात जन्मते. १९६८ च्या ‘ओद्खाद्झा च्लोवेक’, म्हणजे ‘माणूस निघून जातो’, ह्या चित्रपटात त्याने गावातील मृत्यू आणि अंत्यविधी हा विषय घेतला. पाहुण्यांपुढे मांडता येणार नाही अशी लोकसंस्कृतीची ही बाजू. विलाप हेही लोकसंगीतच आहे, परंतु त्याला सोहळ्यात स्थान नसते. प्लित्स्काने ज्याकडे पाठ केली होती त्याकडे त्याच्या शिष्याने तोंड वळविले, आणि प्रेक्षक भोवताली नसताना मनुष्य गातो तेव्हा ते गाणे कसे असते, ह्याचा शोध घेतला.

येथे एक आक्षेप येणे स्वाभाविक आहे आणि तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. आक्षेप असा : स्ल्युक, लूचनित्सा आणि दूरचित्रवाणी नसती, तर कारखान्यांच्या आणि शहरांच्या लाटेत हे नाच टिकलेच नसते. वीखोद्ना येथील लोकमहोत्सव १९५३ पासून भरू लागला. डोंगरातल्या म्हाताऱ्या नर्तकांना प्रथमच वाटले की आपल्यापाशी काही मोलाचे आहे. फुयारेला २००५ मध्ये युनेस्कोने मानवजातीच्या वारशाचा मान दिला. तेर्खोवा गावच्या संगीताला २०१३ मध्ये आणि होरेह्रोनिये भागातील बहुस्वरी गायनाला २०१७ मध्ये तोच मान मिळाला. हे सर्व मान्य. परंतु टिकले ते काय, हा प्रश्न उरतोच. पडद्यावरचा नाच पाहून खेड्यातली मुले नाचू लागतात, तेव्हा पडदा आरसा राहत नाही, तो गुरू होतो. आणि ह्या गुरूला कधीच रिंगणात नाचावयाचे नसते. त्याला नेहमी समोरून पाहावयाचे असते. गावच्या नाचात हळूहळू दर्शनी बाजू उगवते. ज्याला पाय साथ देत नाहीत असा म्हातारा, ज्याला ताल कळत नाही असा पोरगा, हे दोघेही जुन्या रिंगणात सामावत होते. पडद्यासाठी सजलेल्या पथकात त्यांना जागा नसते. हे नुकसान कोणत्याही नोंदीत दाखल होत नाही.

२०१७ मध्ये स्लोव्हाक सार्वजनिक दूरचित्रवाणीने लोककलांची एक स्पर्धा सुरू केली आणि तिला नाव दिले ‘झेम स्पियेवा’. प्लित्स्काचे नाव, परंतु आता परीक्षक आहेत, झगमगते दिवे आहेत. गंमत अशी की ध्वनीच्या बाबतीत तंत्र आता इतके पुढे गेले आहे, की वादक आणि नर्तक ह्यांचा संवाद जसाच्या तसा टिपणे मुळीच कठीण राहिलेले नाही. प्लित्स्काला जे इच्छा असून साधले नसते ते आज कोणासही साधेल. अडचण आता यंत्राची नाही, दृष्टीची आहे. तरुण मंडळी आवडीने व्हायोलिन हाती घेतात, दूरच्या खेड्यांतील पथके लोकांना माहीत होतात, हा लाभ मोठाच. फक्त भूमी गाते तेव्हा तिला गुण द्यावयाचे असतात काय, एवढाच प्रश्न मनात येतो.

हा प्रश्न दूरदेशीचा म्हणून आपल्या वाचकांनी बाजूला ठेवू नये. पौषातल्या चांदण्या रात्री मांडावर समोरासमोर ओळी धरून धालो खेळणाऱ्या गोव्यातील बायका कोणासाठी नाचत नाहीत. त्या मांडासाठी, ग्रामदेवतेसाठी आणि एकमेकींसाठी नाचतात. तोच धालो रंगमंचावर किंवा पडद्यावर आला की दोन ओळींपैकी एकीला प्रेक्षकांकडे तोंड करावयास सांगितले जाते. बडोद्याच्या वाचकांना गरब्याचे उदाहरण ठाऊकच आहे. मधोमध दीप आणि भोवती रिंगण, ही त्याची मूळ मांडणी. युनेस्कोच्या यादीत त्याचे नाव २०२३ मध्ये आले, परंतु पुष्कळ मैदानांवर आज दिव्याची जागा ध्वनिक्षेपकांनी घेतलेली आहे.

लोकनृत्याचे चित्रणच करू नये, असे प्रस्तुत लेखकाचे म्हणणे नाही. प्लित्स्काने कॅमेरा उचलला नसता तर १९३३ च्या त्या मुलांचे खेळ आपण कधीही पाहिले नसते. म्हणणे एवढेच, की कॅमेरा घेऊन मांडावर जाणाऱ्याने दोन पथ्ये पाळावीत. जो नाचतो त्याला त्याच्याच वादकाच्या साथीने नाचू द्यावे आणि तोच ध्वनी ठेवावा, मग तो कितीही ओबडधोबड असो. आणि नाच सुरू होण्यापूर्वीचा क्षण कापू नये : तरुण वादकांपुढे येतो, घसा साफ करतो, पहिली ओळ थोडी बेसूर म्हणतो, प्रिमाश मान हलवून ती उचलतो. तेवढा क्षण जरी पडद्यावर जसाच्या तसा उतरला, तरी घरात बसून पाहणाऱ्याला कळेल की हे अंगण आहे, आणि त्याच्या कडेला आपल्यालाही उभे राहावयास जागा आहे.